कागदाची मागची बाजू

गेल्या उन्हाळ्यात एक बाई माझ्याकडे आल्या. उजवा हात गळ्यात अडकवलेला, डाव्या हातात चार घड्या घातलेला कागद. बांधावरून भांडण झालं होतं. भावकीतल्या एका माणसाने हात पिरगळून त्यांना ढकलून दिलं. त्या पोलीस ठाण्यात गेल्या, त्यांचं म्हणणं लिहून घेतलं गेलं आणि हा कागद हातात पडला. कागदावर शब्द होता 'अदखलपात्र'. बाईंनी तो अक्षर अक्षर लावून वाचला होता आणि त्याचा अर्थही लावला होता. "माझी तक्रार दखल घ्यायच्या लायकीची नाही, असं लिहून दिलंय," त्या म्हणाल्या. त्यानंतर सतरा दिवस त्या घरीच बसून होत्या. सरकारनेच लिहून दिल्यावर दाद कुणाकडे मागायची, हा त्यांचा प्रश्न होता.

मी तालुक्याच्या कोर्टात वकिली करते. माझे मामा जिल्हा न्यायालयात अनुवादक होते, आता निवृत्त होऊन साताऱ्यात असतात. त्यांच्या बैठकीच्या खोलीत एक कपाट केवळ कोशांचं आहे. मोल्सवर्थ, विल्सन, रामनाथ अय्यर, भाषा संचालनालयाचे परिभाषा कोश, सगळे पुठ्ठे घालून नीट ठेवलेले. त्या रविवारी मी त्यांच्याकडे गेले ती हा कागद डोक्यात घेऊनच. पुढे झालं ते बोलणं असं.

मी : मामा, त्या बाई मराठीच वाचत होत्या. शब्द मराठी, लिपी मराठी, बाई सातवी शिकलेल्या. तरी अर्थ उलटा निघाला. याला काय म्हणायचं?

मामा : बाईंचा दोष नाही. पण शब्दाचाही नाही. ज्या गुन्ह्यात पोलिसांना वॉरंटशिवाय अटक करता येते आणि कुणाच्या हुकमाची वाट न पाहता तपास सुरू करता येतो, तो दखलपात्र. ज्यात दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तपास करता येत नाही आणि वॉरंटशिवाय अटक करता येत नाही, तो अदखलपात्र. तक्रार खरी की खोटी, मोठी की क्षुल्लक, याबद्दल तो शब्द काहीच बोलत नाही.

मी : तुमच्याशी आणि माझ्याशी बोलत नाही. बाईंशी बोलला ना! 'पात्र' आणि 'अपात्र' हे शब्द गावातल्या माणसाला भेटतात ते घरकुलाच्या यादीत, रेशनच्या दुकानात, निवडणुकीच्या अर्जाच्या छाननीत. अपात्र म्हणजे नाकारलेला. मग 'अ' आणि 'पात्र' यांच्यामध्ये 'दखल' बसलेली दिसल्यावर माणूस दुसरं काय वाचणार? आणि हा एकच शब्द नाही. 'अजामीनपात्र' घ्या. मुलाला अजामीनपात्र गुन्ह्यात अटक झाली की आईबाप धरून चालतात की आता जामीन नाहीच. खरं म्हणजे जामीनपात्र गुन्ह्यात जामीन हा हक्क असतो आणि अजामीनपात्र गुन्ह्यात तो द्यायचा की नाही हे न्यायालय ठरवतं. 'मिळत नाही' आणि 'मागावा लागतो' यांत एका घराची झोप असते. शब्द मात्र सरळ 'मिळत नाही' असं सांगून मोकळा होतो.

मामा : म्हणूनच कोश असतात. (उठून कपाटातून न्यायव्यवहार कोश काढला.) शब्द कानाला कसा लागतो यावर कायदा चालत नाही. शब्दाचा अर्थ ठरवलेला असतो. तो ठरवलेला अर्थ पाहायची सवय लावायला हवी.

मी : बघा, तुम्हीच कोश काढलात. आता यात 'अदखलपात्र' काढून दाखवा.

मामा : (पानं उलटत) इंग्रजी शब्दाखाली मिळेल.

मी : तेच म्हणते मी. या कोशाचं दार इंग्रजीकडून उघडतं. ज्याच्या हातात इंग्रजी शब्द आहे आणि ज्याला त्याचा मराठी प्रतिशब्द हवा आहे, त्याच्यासाठी तो केला. म्हणजे तुमच्यासाठी, अनुवादकासाठी. बाईंच्या हातात मराठी शब्द होता आणि त्यांना मराठीतच अर्थ हवा होता. त्यांच्यासाठी या कपाटात एकही पुस्तक नाही. आणि इंग्रजी शब्द माहीत असता तरी समोर काय मिळालं असतं? पुन्हा 'अदखलपात्र'च.

मामा : हे खरं आहे, नाही म्हणत नाही. पण हा कोश कशासाठी झाला तेही समजून घे. १९६० साली राज्य झालं, त्याच वर्षी भाषा संचालनालय निघालं. १९६४ चा राजभाषा अधिनियम आला. राज्यकारभार मराठीत करायचा ठरला तेव्हा पहिली अडचण काय होती? एकाच इंग्रजी शब्दाला पुण्यात एक प्रतिशब्द, नागपुरात दुसरा, औरंगाबादेत तिसरा. नागपूरवर हिंदीची छाया, मराठवाड्यात निजामी राजवटीतली उर्दू. एका राज्यात एकाच कलमाची तीन भाषांतरं चालली असती, तर त्याच गुन्ह्याचे तीन अर्थ झाले असते. आधी शब्द एक करणं भागच होतं. आणि जिल्हा-तालुका न्यायालयांची भाषा मराठी, ही अधिसूचना निघायला तर १९९८ साल उजाडलं. त्याआधीचं मी पाहिलंय. साक्षीदार मराठीत बोलायचा आणि कागदावर इंग्रजी उमटायचं. 'त्यानं मला ढोसलं' याचं काय करायचं? ढकललं, मारलं की नुसता कोपर लागला? माणसाची शिक्षा त्या एका क्रियापदावर ठरायची. नेमक्या शब्दाची किंमत मी तिथे शिकलो.

मी : नेमकेपणाला माझा विरोध नाही. पण नेमका शब्द दुर्बोधच असला पाहिजे असं कुठे आहे?

मामा : कुठेच नाही. पण ओळखीचा शब्द नेमका असेलच असंही नाही. तू लोकांच्या शब्दांची बाजू घेतेस ना? मग 'सुटला' हा शब्द घे. गावात म्हणतात, 'अमका सुटला.' म्हणजे काय झालं? जामिनावर बाहेर आला? पुरेसा आधार नाही म्हणून खटला उभा राहण्याआधीच आरोपमुक्त झाला? खटला पुरा होऊन निर्दोष ठरला? की शिक्षा भोगून आला? चार अगदी वेगळ्या गोष्टी आणि लोकांकडे शब्द एक. आठ दिवसांनी जामिनावर बाहेर आलेल्या माणसाला पाहून फिर्यादी धास्तावतो, त्याला वाटतं केस संपली. आणि न्यायालयाने निर्दोष ठरवलेला माणूस गावात फिरतो तेव्हा लोक म्हणतात, 'सुटून आलाय.' पैसे चारून सुटला असेल, असा वासही त्या शब्दाला येतो. त्या माणसाचं निर्दोषत्व 'सुटला' या शब्दाने खाल्लं.

मी : (थोडं थांबून) हे मान्य. याच्यावर मी कधी असा विचार केला नव्हता.

मामा : वर्तमानपत्रात वाचतेस ना, 'दोघांनी घातला सराफी दुकानावर दरोडा'? दोघांना दरोडा घालताच येत नाही. दरोड्याला पाच किंवा जास्त माणसं लागतात. चौघांपर्यंत ती जबरी चोरी. हा आकडा १८६० च्या भारतीय दंड संहितेत होता आणि आजच्या न्याय संहितेतही आहे. 'खून' आणि 'सदोष मनुष्यवध' यांचंही तसंच. प्रत्येक खून सदोष मनुष्यवध असतो, पण प्रत्येक सदोष मनुष्यवध खून नसतो. मधली रेषा हेतूची आणि जाणिवेची असते. रेषेच्या एका बाजूला फाशी किंवा जन्मठेप आहे, दुसऱ्या बाजूला फाशी नाही. 'सदोष मनुष्यवध' हा शब्द जड आहे, कुणाच्या तोंडात बसत नाही. पण तो काढून सगळ्याला 'खून' म्हणायचं का? अशा शब्दाच्या आधाराने कुणाचा तरी जीव वाचत असतो.

मी : तो काढा असं मी म्हणत नाही. त्याच्या शेजारी एक ओळ लिहा म्हणते. बरं, आता माझी बाजू ऐका. ठाण्यात आणि कोर्टाच्या आवारात जी मराठी रोज बोलली जाते, ती या कोशांत कितीशी आहे? मुद्देमाल, पंचनामा, जातमुचलका, तडीपार, 'पाहिजे आरोपी', गुन्हा रजिस्टर नंबर, स्टेशन डायरी. माणसाचं आयुष्य या शब्दांवरून जातं. मुद्देमाल म्हणजे जप्त केलेली त्याची मोटरसायकल, ती परत केव्हा मिळणार हा त्याचा प्रश्न. मुचलका लिहून द्या म्हटलं की त्याला वाटतं आपण गुन्हा कबूल करतोय.

मामा : 'मुचलका' तुर्की वळणाचा, फारसीतून आलेला. 'जामीन' अरबी, मूळ अर्थ हमी घेणारा माणूस. आपण त्याचा अर्थ सुटका असा केला आणि हमीदारासाठी 'जामीनदार' घडवला. 'फिर्याद' म्हणजे फारसीत मदतीसाठी मारलेली हाक.

मी : किती सुंदर आहे हे! मदतीसाठी मारलेली हाक. आणि छापील नमुन्यावर तिचं नाव काय? 'प्रथम खबर अहवाल'. हाक मारणारा माणूसच त्या नावातून गेला.

मामा : पण तिथेही एक बारकावा आहे. लोक ठाण्यातल्या तक्रारीला फिर्याद म्हणतात. प्रक्रिया संहितेची व्याख्या वेगळी आहे. दंडाधिकाऱ्याने कारवाई करावी म्हणून त्याच्याकडे तोंडी किंवा लेखी केलेलं कथन ते तिथे अभिप्रेत असतं आणि पोलिसांचा अहवाल त्यातून स्पष्टपणे वगळलाय. तुझ्या बाईंना पुढे जी वाट धरायची आहे ती नेमकी हीच. ठाण्यातला शब्द आणि संहितेतला शब्द एकच ठेवलास तर त्यांना ही दुसरी वाट दिसणारच नाही.

मी : आणि तुमच्या कोशाने तरी दाखवली का? मामा, फारसी शब्द हटवायचा प्रयत्न शिवाजी महाराजांच्या काळात झाला. रघुनाथपंडितांचा राज्यव्यवहारकोश तुमच्याच कपाटात आहे. दहा वर्ग, साधारण चौदाशे शब्द. त्याला साडेतीनशे वर्षं होत आली. तरी वकील, फिर्याद, जामीन, कैद, हुकूम जागेवरच आहेत. लोकांनी ते सोडले नाहीत.

मामा : पण राज्य आपलं झालं की त्याचे शब्दही आपले हवेत, ही जाण त्या कोशाने दिली. आणि सगळं फुकट गेलं असं नाही. लोक नवे शब्द घेतातही. 'विनयभंग' हा घडवलेला शब्द, आज शाळकरी मुलीलाही कळतो. 'आरोपपत्र' कळतं. आणि ज्या 'दखलपात्र'वर तू रागावली आहेस, त्याची जात बघ. 'दखल' अरबी, 'पात्र' संस्कृत. 'जामीनपात्र' तसाच. ज्यांनी हे शब्द केले त्यांनी सोवळं पाळलं नाही. लोकांच्या तोंडी असलेला शब्द घेतला आणि त्याला पुढे नेलं. त्यांचा हेतू तुझ्याच बाजूचा होता.

मी : हेतूबद्दल मी कधीच शंका घेतली नाही. शब्द घडवून झाला की काम संपलं असं आपण समजलो, हे माझं दुःख आहे. बरं, 'समरी' सांगा. 'तुमच्या केसमध्ये ब समरी झाली' असं माणसाला सांगितलं जातं. त्याने कुठे बघायचं?

मामा : ती महाराष्ट्रातल्या पोलिसांची रीत आहे. अ समरी म्हणजे गुन्हा खरा, पण आरोपी सापडला नाही किंवा पुरावा मिळाला नाही. ब म्हणजे तक्रार खोटी आणि ती द्वेषाने केलेली. क म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा मुळात दिवाणी स्वरूपाची. संहितेत ही अक्षरं सापडायची नाहीत.

मी : आणि अ-ब-क म्हटलं की माणसाला शाळेतल्या तुकड्या आठवतात. त्याला वाटतं, ब म्हणजे मधला वर्ग, फार वाईट नसेल. खरं तर पोलीस त्याला खोटारडा म्हणताहेत! आणि दंडाधिकारी तो अहवाल स्वीकारण्याआधी त्याचं म्हणणं ऐकलं गेलं पाहिजे, त्याला नोटीस मिळाली पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच सांगितलंय. कोशात 'समरी' आली आणि तिच्यापुढे नुसता 'सारांश' असा अर्थ आला, तर तो कोश बरोबर असूनही निरुपयोगी. हे एक वाक्य तिथे असलं तर माणूस वेळेत आक्षेप घेईल.

मामा : तू शब्दकोशाला वकील करायला निघालीस. कोशाने अर्थ सांगावा. सल्ला देऊ नये. सल्ला चुकला तर जबाबदार कोण? कायदा बदलतो आणि छापलेलं पान तसंच राहतं. १ जुलै २०२४ चा दिवस आठव. एका रात्रीत तिन्ही जुने कायदे गेले. दंड संहितेची ५११ कलमं होती, न्याय संहितेची ३५८. ज्या पुस्तकांनी कलमांचे आकडे देऊन 'उपयुक्त माहिती' दिली होती, ती त्या दिवशी चुकीची माहिती द्यायला लागली.

मी : आकडे तर आपल्या भाषेतच बसलेले आहेत. 'तीनशे दोन' म्हणजे खून, 'चारशे वीस' म्हणजे लबाड. हे आता शब्दच आहेत. आज खुनाची शिक्षा कलम १०३ मध्ये आहे, फसवणूक ३१८ मध्ये. आणि नव्या संहितेतलं ३०२ आहे धार्मिक भावना दुखावण्याच्या हेतूने शब्द उच्चारण्याचं. नव्या गुन्ह्याच्या कागदावर '३०२' वाचून एखाद्या आईने हंबरडा फोडला तर तिला कुणी समजवायचं? जुन्या गुन्ह्यांचे खटले जुन्याच कलमांनी चालणार, म्हणजे अजून बरीच वर्षं दोन्ही आकडे एकाच आवारात नांदणार. कोशाची गरज आज जितकी आहे तितकी मागच्या पन्नास वर्षांत नव्हती.

मामा : यावर आपलं दुमत नाही. आणि नव्या संहितांत कोशकाराला शिकण्यासारखंही आहे. जुन्या दंड संहितेत व्याख्या कलम ६ पासून पुढे विखुरलेल्या होत्या. न्याय संहितेने त्या कलम २ मध्ये एकत्र आणल्या, अक्षरक्रमाने लावल्या. पण तो क्रम इंग्रजी अक्षरांचा, त्यामुळे मराठी पाठात त्याचा उपयोग उरत नाही. 'जामीन' या शब्दाची गंमत बघ. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत जामीनपात्र गुन्ह्याची व्याख्या होती, पण जामीन म्हणजे काय हे सांगितलेलं नव्हतं. तिच्या जागी आलेल्या नागरिक सुरक्षा संहितेने ते पहिल्यांदा सांगितलं. उलट 'सामुदायिक सेवा' ही नवी शिक्षा आली न्याय संहितेत आणि तिचा अर्थ दिलाय दुसऱ्याच संहितेत, कलम २३ च्या स्पष्टीकरणात. ज्याला हे माहीत नाही तो एक पुस्तक उघडून शोधतच राहील. अशी वाट कोशाने जरूर दाखवावी. त्याला मी सल्ला म्हणणार नाही.

मी : मग 'पुढे कुठे जायचं' ही वाट दाखवणं तरी सल्ला कसा?

मामा : (हसून) वकिलीण झालीस खरी. तुला एक निकाल सांगतो, तो माझ्या फार जवळचा आहे. हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य, १९६२. नागपूरचा माणूस. प्रतिबंधक स्थानबद्धतेत घेतला. स्थानबद्धतेची कारणं त्याला दिली ती इंग्रजीत. त्याला इंग्रजी येत नव्हतं, त्याने हिंदीत मागितली. ती नाकारली गेली. पोलीस अधिकाऱ्याने हिंदीतून तोंडी समजावून सांगितलं, तेवढं पुरे असं सरकारचं म्हणणं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, पुरे नाही. कारणं समजली नाहीत तर त्याविरुद्ध निवेदन करायचा घटनेच्या कलम २२ ने दिलेला हक्क पोकळ होतो. स्थानबद्धता बेकायदा ठरली. मी अनुवादकाच्या खुर्चीवर बसायचो तेव्हा हा निकाल मनात असायचा. अनुवाद नीट झाला नाही तर माणसाचं स्वातंत्र्य जातं.

मी : मामा, तो निकाल माझ्या बाजूचा आहे.

मामा : कसा?

मी : हिंदी का नाकारली होती? तेव्हा इंग्रजी ही शासनाची भाषा होती म्हणून. म्हणजे शासन म्हणत होतं, आम्ही आमच्या अधिकृत भाषेत सांगितलं, आमचं काम झालं. न्यायालयाने तेच तर नाकारलं. अधिकृत भाषा कोणती हे न पाहता त्या माणसाला कळणारी भाषा कोणती हे पाहिलं. आता शासनाची अधिकृत भाषा मराठी आहे. तरी त्या बाईंना कागद कळला नाही. मग 'मराठीत दिला' हे उत्तर 'इंग्रजी ही शासनाची भाषा आहे' यापेक्षा वेगळं कसं? निकाल स्थानबद्धतेपुरता असेल, पण त्यातला न्याय तेवढ्यापुरता कसा मानायचा?

(मामा बराच वेळ काही बोलले नाहीत. कोशाच्या पुठ्ठ्यावरून हात फिरवत बसले.)

मामा : त्या बाईंचा हात गळ्यात होता म्हणालीस. मोडला होता?

मी : हो. त्यांच्या पिशवीत दुसरा कागद होता, ग्रामीण रुग्णालयाचा. तक्रारीनंतर दोन दिवसांनी काढलेला एक्स-रे. मनगटाचं हाड मोडलेलं.

मामा : मग ही साधी दुखापत नाही. ही 'जबर दुखापत' असू शकते.

मी : तेच. लोकांना वाटतं जबर म्हणजे खूप लागलेलं, रक्त वाहिलेलं. संहितेने आठ प्रकार मोजून दिलेत. हाड किंवा दात मोडला, निखळला की तो त्यातला एक. रक्ताचा थेंब नसला तरी. साधी दुखापत अदखलपात्र, जबर दुखापत दखलपात्र. दोन कागद एकाच पिशवीत पंधरा दिवस होते. एकावर 'अदखलपात्र', दुसऱ्यावर मोडलेलं हाड. ते शेजारी ठेवायला कुणी नव्हतं.

मामा : एवढ्यावरून आपोआप ठरत नाही हं. मारणाऱ्याचा हेतू, त्याची जाणीव, तेही पाहावं लागतं.

मी : पाहतील ना. पण पाहण्यासाठी आधी तपास तर सुरू व्हायला हवा.

मामा : (टेबलावरून कोरा कागद ओढून) लिही. 'अदखलपात्र'ची नोंद करू. शब्द मात्र मी बदलू देणार नाही. कितीतरी वर्षांचे निकाल, नोंदवह्या, अनुसूची त्या शब्दावर उभ्या आहेत. आज तो काढलास तर जुना कागद वाचणाऱ्याला तो कुठेच सापडणार नाही.

मी : मला तो आजही चुकीचा घडलेला वाटतो. पण राहू दे. त्याच्याखाली माझ्या ओळी येऊ द्या.

दीड तास आम्ही त्या नोंदीवर बसलो होतो. मामा एकेक शब्द तोलून घेत, मी एकेक शब्द हलका करून घेई. 'न्यायदंडाधिकारी' हा शब्द ठेवायचा आणि त्याला लागूनच 'तालुक्याचं फौजदारी कोर्ट' लिहायचं, यावरच अर्धा तास गेला. शेवटी झालं ते असं :

*अदखलपात्र गुन्हा : ज्या गुन्ह्याचा तपास पोलीस स्वतःहून करू शकत नाहीत, त्याला न्यायदंडाधिकाऱ्यांचा (तालुक्याच्या फौजदारी कोर्टाचा) आदेश लागतो. वॉरंटशिवाय अटकही होत नाही. तुमची तक्रार खोटी किंवा क्षुल्लक आहे, असा याचा अर्थ नाही. ती ठाण्याच्या वहीत नोंदली गेली आहे आणि अशा नोंदींचा अहवाल दर पंधरवड्याला दंडाधिकाऱ्यांकडे जातो. तुम्ही स्वतः दंडाधिकाऱ्यांकडे जाऊ शकता. नंतर हाड मोडल्याचं किंवा दुसरं काही गंभीर निघालं, तर तो कागद घेऊन ठाण्यात पुन्हा जा. कोणता गुन्हा दखलपात्र, हे नागरिक सुरक्षा संहितेच्या पहिल्या अनुसूचीत दिलं आहे. पाहा : जबर दुखापत.*

मामांचा आग्रह होता म्हणून शेवटच्या दोन गोष्टी आल्या : अनुसूचीचा पत्ता आणि 'पाहा'. 'खोटी किंवा क्षुल्लक आहे असा अर्थ नाही' हे वाक्य माझं. कोशात शब्दाचा अर्थ काय नाही हे लिहायची पद्धत नसते, असं मामा म्हणाले होते. मग स्वतःच म्हणाले, "पण या शब्दाला ते हवंच."

एक्स-रे जोडून ठाण्याकडे दिलेल्या अर्जाची पोच घ्यायला पुढच्या आठवड्यात बाई माझ्या टेबलाशी आल्या तेव्हा मामाही आवारात होते. कोर्टातल्या जुन्या सोबत्यांना भेटायला ते अधूनमधून येतात. मी ती नोंद बाईंच्या हातात दिली. त्यांनी ती मोठ्याने वाचली, बोट ओळीखालून सरकवत. 'वहीत नोंदली गेली आहे' इथे थांबल्या. पुन्हा वाचलं. "म्हणजे लिहून घेतलंय त्यांनी. गेलं नाही कुठं," त्या म्हणाल्या. मग 'पाहा : जबर दुखापत' इथे बोट टेकवून विचारलं, "हे कुठं पाहायचं?"

मामांनी माझ्याकडे पाहिलं. ती नोंद आम्ही लिहिलीच नव्हती.

"लिहितो, ताई," मामा म्हणाले. "पुस्तक करायचंय असं."

बाईंनी पिशवीतून ठाण्याचा तो चार घड्यांचा कागद काढला आणि आमच्या नोंदीशेजारी टेबलावर ठेवला. "पुस्तक घ्यायला मी कुठं जाऊ?" त्या म्हणाल्या. "हे ह्याच्यावरच का नाही छापत?"

मामांनी चष्मा लावला, घड्या उलगडून कागद पालथा केला. मागची बाजू पूर्ण कोरी होती. त्यांनी खिशातून पेन काढलं आणि त्या कोऱ्या जागेत किती ओळी मावतील, ते मोजू लागले.